येळवशीला येतेय, त्याआधी

ती. आई-आबांना साष्टांग नमस्कार.

आबा, हे पत्र आईला मोठ्यानं वाचून दाखवा. ती अर्धं वाचते आणि उरलेलं मनानंच लावते.

यंदा येळवशीला, वेळ अमावस्येच्या रानातल्या जेवणाला, आम्ही सगळे येतोय. पण एक ऐका. दरवर्षी कडब्याच्या कोपीत जेवणं झाली की तुम्ही पाहुण्यांपुढं भूकंपाचं काढता. १९९३, ३० सप्टेंबर, पहाटेचे चार वाजत आलेले, गणपती बुडवून लोक नुकते आडवे झालेले, ‘आणि हिनं पोराला उचललं अन् पळाली, पोरगी आतच!’ सगळे हसतात. आई आंबिलीचा तांब्या घेऊन उठते. यंदा ते काढू नका.

कारण आई, मला तेच आठवतं. उतरंडीपाशी झोपले होते मी. माळवदाची माती तोंडावर आली, डोळे उघडेनात, आणि तुझ्या बांगड्यांचा आवाज लांब गेला. आबांनी पायाला धरून ओढलं. अजून झोपेत कुणी पायाला हात लावला की मी दचकते. दगडमातीच्या भिंती, वर मातीचा थर; किल्लारीकडची घरंच्या घरं त्याखाली गेली. आपलं निम्मं उभं राहिलं म्हणून मी आहे.

आणि मग पत्र्याचं शेड. वरून पाऊस. रात्री तू पदराचं टोक माझ्या परकराच्या नाडीला बांधायचीस. भावाच्या नाही, माझ्याच. मी कूस बदलली की तू जागी. मला बाहेर जायचं असलं तर गाठ न सोडता चिखलात सोबत यायचीस, तो आत रडत का असेना. शेजारची काकू म्हणायची, ‘शेळी हाय का गं पोरगी, बांधून ठेवायला?’ सिमेंटच्या घरात आल्यावरही आपण कितीतरी दिवस अंगणातच झोपलो. तेव्हाही गाठ होतीच.

मला लेक झाली तेव्हा वाटलं, आता कळेल. कुठलं काय! तुझा राग येतो, आणि ताप चढला की तुझाच पदर लागतो.

माफीबिफी नको मला. त्या अंधारात मी तुला दिसत होते का, एवढंच सांग. नसशील सांगणार, तर त्या गाठीचं तरी बोल.

भज्जीचे दाणे सोलायला मी आदल्या संध्याकाळीच येते. दोघीच बसू. आबा, तेवढा वेळ तुम्ही रानात कोपीचं बघा.

तुमची लेक