दूझेबाईंचा ‘पडलेला’ चित्रपट

मा. संपादक,
स. न. वि. वि.

मूकपटांच्या काळातील इटालियन अभिनेत्रींवरचा आपल्या रविवार पुरवणीतील लेख आवडीने वाचला. एलेओनोरा दूझे यांच्या वाट्याला मात्र त्यात जेमतेम तीन वाक्ये आली आहेत. त्यांतील दोन कवी दान्नुन्झियो यांच्याशी असलेल्या प्रेमसंबंधांवर आणि तिसरे ‘त्यांचा एकमेव चित्रपट पडला’ एवढेच सांगणारे. (आडनावही ‘ड्यूस’ असे छापले गेले आहे, इटालियन उच्चार ‘दूझे’ असा आहे.) चित्रपट चालला नाही हे खरेच आहे, पण तेवढ्यावर त्याचा निकाल लावणे मला पटले नाही, म्हणून हे पत्र.

दूझेबाई १८५८ साली विजेव्हानो येथे फिरत्या नाटक मंडळीतील कुटुंबात जन्मल्या, चार वर्षांच्या असताना रंगमंचावर उभ्या राहिल्या आणि चौदाव्या वर्षी व्हेरोनात, म्हणजे ज्युलिएटच्याच गावी, त्यांनी ज्युलिएट साकारली. त्यांचा अभिनय कसा होता हे कळायला १८९५ चा लंडनमधील प्रसंग पुरेसा आहे. त्या जूनमध्ये दूझे आणि प्रख्यात फ्रेंच नटी सारा बर्नहार्ट या दोघींनी जर्मन नाटककार सुडरमान यांच्या नाटकातील माग्दाची भूमिका वेगवेगळ्या नाट्यगृहांत केली. नाटकात माग्दाला सोडून गेलेला पुरुष अनेक वर्षांनी समोर येताच दूझेबाईंच्या चेहऱ्यावर लाली चढत गेली आणि ती लपवण्यासाठी त्यांनी तोंड ओंजळीत झाकून घेतले. परीक्षण लिहायला बसलेल्या बर्नार्ड शॉ यांना यामागची नाटकी युक्ती काही सापडेना! रंगभूषा जवळजवळ न करणाऱ्या नटीलाच हे साधणार, हे उघड आहे.

१९०९ मध्ये रंगभूमी सोडलेल्या याच बाई १९१६ साली, वयाच्या अठ्ठावन्नाव्या वर्षी, तोरिनोच्या (ट्युरिनच्या) आम्ब्रोझिओ कंपनीच्या ‘चेनेरे’ (म्हणजे राख) या चित्रपटात कॅमेऱ्यासमोर आल्या. कथा ग्रात्सिया देलेद्दा यांच्या कादंबरीवरची, सार्डिनियातील. दिग्दर्शक फेबो मारी यांनीच मुलाची भूमिका केली आहे. लग्नाविना झालेल्या मुलाला त्याच्या बापाच्या दारी सोडून निघून जाणारी आणि पुढे तोच मुलगा शोधत आल्यावर त्याच्या सुखाआड आपण नको म्हणून बाजूला होणारी रोझालिया ही दूझेबाईंची भूमिका. हा चित्रपट मी अलीकडेच संगणकावर पाहिला. जेमतेम पाऊण तासाचा आहे, प्रतही झिजलेली आहे. पण त्या काळच्या इटालियन पडद्यावर नायिका पडदे धरून कोसळत आणि डोळे विस्फारून उसासे टाकत असताना, ही पांढऱ्या केसांची बाई काळी शाल डोक्यावरून ओढून चेहरा बराच वेळ सावलीतच ठेवते. दिसतात ते हात. मुलाकडे पुढे होऊ पाहणारा आणि मध्येच थांबणारा तो हात पाहिला, तेव्हा मी चित्रफीत थांबवून तेवढाच भाग पुन्हा दोनदा पाहिला. प्रसिद्ध नटीचा चेहरा पाहायला आलेल्या तेव्हाच्या प्रेक्षकाला हे रुचले नसेल, यात नवल नाही. माझ्या मते मात्र आवाज नसलेल्या माध्यमात किती कमी करावे लागते, हे त्यांना तेथील पुष्कळ तारकांच्या आधी उमगले होते. मारी स्वतः मात्र नाटकातल्यासारखेच वावरतात, त्यामुळे दोघे एका चौकटीत आले की फरक फारच डोळ्यांत भरतो.

आणखी एक दुरुस्ती. दूझेबाईंची अखेर ‘मायदेशी, विस्मृतीत’ झाली असे लेखात म्हटले आहे, ते बरोबर नाही. १९२१ मध्ये तोरिनो येथे इब्सेनच्या नाटकातून त्या रंगभूमीवर परतल्या, १९२३ च्या जुलैमध्ये ‘टाइम’ साप्ताहिकाच्या मुखपृष्ठावर झळकल्या (त्या जागी आलेली ती पहिलीच स्त्री) आणि २१ एप्रिल १९२४ रोजी अमेरिकेच्या दौऱ्यावर असताना पिट्सबर्गमधील हॉटेलात न्यूमोनियाने गेल्या. त्यांचे पार्थिव नंतर इटलीत आणून, त्यांच्या इच्छेप्रमाणे, आझोलोच्या दफनभूमीत ठेवण्यात आले. ही दुरुस्ती पुढील पुरवणीत छापावी, ही विनंती.

आपली नियमित वाचक,
पुणे