उलटसुलट सारखाच पूल

प्रिय मुक्ता,
अनेक आशीर्वाद.

परवा फोनवर तू आणि आई दोघीही तणतणलात आणि मी नेहमीसारखा पेपर तोंडासमोर धरून बसलो. तुझं म्हणणं, घरमालक शुक्रवारी अकराला किल्ली देणार, मी तेव्हाच सामान हलवणार. आईचं म्हणणं, शुक्रवारी साडेदहा ते बारा राहुकाळ, तेवढ्या वेळात नव्या घरात पाऊल टाकायचं नाही. शेवटी तू विचारलंस, "बाबा, तू तरी सांग, तुझा विश्वास आहे का या सगळ्यावर?" मी रेंज जातेय म्हणून फोन ठेवला. रेंज गेली नव्हती.

तोंडी बोलताना मी गडबडतो, म्हणून लिहितोय. सुरुवात तू पाठवलेल्या फोटोपासून करतो.

प्रागच्या चार्ल्स पुलावर, त्या पुतळ्याखालच्या पितळी पट्टीवर तू हात ठेवून उभी आहेस. लोकांच्या हातांनी घासून तेवढाच भाग सोन्यासारखा झालाय. तू खाली लिहिलंस, "हात लावला की नशीब उघडतं म्हणे." तुला गंमत वाटली. पण तो अख्खा पूलच नशीब उघडायला बांधलाय, हे तुला कुणी सांगितलं का?

लहानपणी तू "ती होडी जाडी होती" उलटं वाचून दाखवायचीस आणि प्रत्येक पाहुण्याला तेच ऐकवायचीस, आठवतं? या पुलाची गोष्ट तशीच आहे. राजा चौथा चार्ल्स याने पायाचा दगड ठेवला तो १३५७ साली, ९ तारखेला, सातव्या महिन्यात, पहाटे ५ वाजून ३१ मिनिटांनी. ओळीने मांड: १३५७९७५३१. एकापासून विषम आकडे चढत जातात, नऊवर टेकतात आणि तसेच उतरतात. कागदावर लिहून बघ, कमानच दिसते. उलटा वाच, सुलटा वाच, वेळ तीच. म्हणजे पुढून येणाऱ्या काळालाही फट नाही आणि मागून येणाऱ्यालाही नाही.

आता माझ्यातला इंजिनिअर गप्प बसत नाही. वर्ष ठीक, पण ती ३१ मिनिटं? चौदाव्या शतकातल्या घड्याळांना मिनिटकाटा नव्हता. तू जिथे गर्दीत उभी राहून बाहुल्या बघतेस ते प्रागचं घड्याळसुद्धा १४१० चं, पुलानंतरचं. तो मुहूर्त पुढच्या काळातल्या अभ्यासकांनी मांडलेला आहे. कुणाला तरी तो एवढा सुबक हवासा वाटला, एवढं मात्र खरं.

आणि मुहूर्ताने केलं काय? तू ज्याच्या पायाशी हात ठेवलास त्या नेपोमुकच्या योहान नावाच्या धर्मगुरूला १३९३ साली याच पुलावरून नदीत टाकलं, तेही चार्ल्सच्याच मुलाच्या हुकमाने. १४३२ च्या पुराने पुलाची मोडतोड केली. १८९० च्या सप्टेंबरात तर व्हल्टावा नदीतून वाहत आलेले ओंडके खांबांना अडकले, पाण्याला वाट राहिली नाही आणि तीन कमानी गेल्या. दोन पुतळेही पाण्यात गेले. त्यातला एक फ्रान्सिस झेवियरचा, ज्याचं शव आपण जुन्या गोव्यात बॉम जेझसमध्ये रांग लावून पाहिलं होतं. (तू तेव्हा "हे खरे पाय आहेत?" असं मोठ्याने विचारलं होतंस.) आज पुलावर आहे ती त्या पुतळ्याची प्रतिकृती.

एवढं लिहून मी तुझी बाजू घेतली असं वाटेल. थांब.

चार्ल्सच्या आधी तिथे एक दगडी पूल होताच. १३४२ च्या पुराने तो नेला. नवा सुरू व्हायला पंधरा वर्षं लागली. ज्या नदीने एक दगडी पूल गिळला तिच्यातच पुन्हा दगड टाका म्हणून माणसांना तयार करायचं, हे सोपं नाही गं. मी ते केलंय. नोकरीच्या तिसऱ्या वर्षी एका ओढ्यावरचा आमचा लहान पूल पहिल्याच पावसाळ्यात गेला. दुसऱ्यांदा काम काढलं तर गावातला एकही गडी पाण्यात उतरेना. मी त्यांना पायाची खोली समजावत होतो, ते माझ्याकडे बघत होते. शेवटी मुकादम म्हणाला, "सायेब, नारळ फोडा आन् गप ऱ्हावा." फोडला. पाच मिनिटांत फावडी चालू झाली. त्यानंतर मी तिथे होतो तोवर दर पुरानंतर स्वतः जाऊन गाळ्यांत अडकलेली झाडंझुडपं काढून घेत होतो. तो पूल अजून उभा आहे. नारळामुळे की झुडपं काढल्यामुळे, यावर आईचं आणि माझं तीस वर्षं एकमत नाही.

तर विश्वास आहे का? राहुकाळ काढणं म्हणजे नुसता भागाकार. सूर्योदय ते सूर्यास्त दिवसाचे आठ भाग करायचे, शुक्रवारी त्यातला चौथा. आपल्याकडे बारा तासांचा दिवस धरून तो साडेदहा ते बारा येतो. तुझ्याकडे जूनमध्ये पहाटे पाचला उजाडतं आणि रात्री सव्वानऊला मावळतं. एक भाग दोन तासांचा झाला, म्हणजे तुझा राहुकाळ साधारण अकरा ते एक. घरमालकाकडे किल्ली पावणेअकराला माग. मिळाली तर आईही खूश आणि तुझाही दिवस मोकळा. आईला मात्र सांगू नकोस की हा हिशेब मी केला. ती वर्षभर ऐकवेल.

आणि एक. तू निघालीस तेव्हा बुधवारचं विमान आईला पसंत नव्हतं. म्हणून दोन दिवस आधीच तिने शेजारच्या काकूंकडे तुझं प्रस्थान ठेवलं होतं: रुमालात मूठभर तांदूळ, एक सुपारी, एक रुपया. म्हणजे काळाच्या वहीत तू सोमवारीच निघालीस. मी तेव्हा खूप हसलो होतो. जाताना ती पुरचुंडी काकूंकडून घ्यायची होती. तू विसरलीस.

त्या रात्री विमान उतरल्याचा तुझा मेसेज येईपर्यंत मी ती आणून खिशात ठेवली होती. मग टेबलाच्या खणात टाकली. काल उघडली तर तांदळाला टोके झालेत. सुपारी खणखणीत आहे. धान्य पाठवलं तर कस्टमवाले अडवतील, म्हणून रुपया तेवढा या पाकिटात घातलाय.

तुझा,
बाबा

ता. क. पुढच्या वेळी पुलावरून फोटो काढू नकोस. खाली काठावर उतर. खांबांच्या पुढे पाण्यात लाकडी तिरपे सांगाडे दिसतील, वाहत येणारा बर्फ फोडायचे. त्यांचे जवळून चार फोटो हवेत, सांधे दिसतील असे.