चि. मुक्तास, शनिवारच्या संघाबद्दल

चि. मुक्ता हिस अनेक आशीर्वाद.

क्लबवाल्यांनी तुला तेरा वर्षांखालच्या मुलींचा फुटबॉल संघ सांभाळायला विचारलंय, हे वाचून बरं वाटलं. बुधवारी सराव, शनिवारी सामना, पगार शून्य. तू माझं मत विचारलंस. विचारलं नसतंस तरी मी लिहिलंच असतं, तुला माहीत आहे.

मताआधी एक गोष्ट ऐक. फ्रान्समधल्या तुझ्या दिजाँपासून दीडशेएक किलोमीटरवर, योन नदीच्या काठी, ओसेर नावाचं गाव आहे. वस्ती चाळीस हजारांच्या आतबाहेर. तिथला फुटबॉल क्लब 1905 साली एका पाद्रीबाबांनी, आबे देशाँ यांनी, गावातल्या पोरांसाठी काढला. मैदानाला आजही त्यांचंच नाव आहे. आपल्याकडे कोल्हापुरात तालमीच्या नावानं पेठेचा संघ उतरतो, तसाच थाट. 1961 साली या क्लबनं गी रू नावाच्या बावीस वर्षांच्या पोराला प्रशिक्षक नेमलं. तो खेळायचाही आणि शिकवायचाही. सैन्यातली सक्तीची नोकरी आणि पुढे एका हंगामाची सुट्टी वगळली, तर हा माणूस 2005 पर्यंत त्याच बाकावर बसला. डोक्याला लोकरीची टोपी आणि चेहऱ्यावर बाजारात घासाघीस करणाऱ्या शेतकऱ्याचे भाव.

त्याच्याबद्दल विचारलंस तर तिकडचे लोक 1996 सांगतील. त्या वर्षी ओसेरनं लीगही जिंकली आणि फ्रेंच कपही. त्याच्या हाताखाली घडलेले खेळाडू सांगतील, एरिक कँटोना, बासिल बोली. मला मात्र त्याच्या आधीच्या वर्षांचं जास्त कौतुक आहे. क्लब देशाच्या लीगच्या दुसऱ्या विभागात पोचला 1974 साली आणि पहिल्या विभागात 1980 साली. म्हणजे नेमणुकीपासून एकोणीस वर्षं. एवढ्या वर्षांत आमच्या बँकेत पाच मॅनेजर बदलले असते आणि प्रत्येकानं आधीच्याच्या नावानं खडे फोडले असते. तिथं प्रशिक्षक तोच राहिला आणि 1963 पासून अध्यक्षही एकच, जाँ-क्लोद आमेल. दोघांनी मिळून प्रपंच केला.

हो, प्रपंचच. रू चिक्कू म्हणून फ्रान्सभर प्रसिद्ध. टीव्हीवरच्या बाहुल्यांच्या कार्यक्रमात त्याची बाहुली होती, तीही कंजूष. लोक हसायचे. मी जन्मभर लेजर लिहिलेला माणूस, मला हसू येत नाही. 1979 साली ओसेर दुसऱ्या विभागात असताना फ्रेंच कपच्या अंतिम सामन्यात पोचलं. समोर नाँतचा संघ. जादा वेळेत 4-1 नं हरले. पण पॅरिसच्या त्या सामन्यामुळे गाठीशी चार पैसे आले, आणि ते नवे खेळाडू आणण्यात न उडवता पोरांच्या प्रशिक्षण केंद्रात घातले. कँटोना पंधराएक वर्षांचा असताना मार्सेयहून तिथंच आला. 1988 साली मार्सेयच्या क्लबनंच त्याला विक्रमी रक्कम मोजून परत नेलं. दोन वर्षांनी बोलीही तिकडेच गेला. शिकवायचं, मोठं करायचं, चांगल्या भावानं विकायचं आणि पुन्हा बारक्यांकडे वळायचं, हे चक्र रूनं कधी थांबू दिलं नाही. खेळायची पद्धतही फारशी बदलली नाही. चार-तीन-तीनची मांडणी, म्हणजे मागे चार, मध्ये तीन, पुढे तीन, आणि ज्यानं ज्याला धरलंय त्यानं त्याला सोडायचं नाही. टीकाकार जुनाट म्हणायचे. म्हणोत.

एक गोष्ट मात्र मला त्याचीही जास्तीची वाटते. पोरं रात्री गाडी घेऊन पॅरिसला भटकायला जातात का, यावर तो पाळत ठेवायचा. गाडीच्या मीटरवरचे किलोमीटर टिपून ठेवायचा, सकाळी बॉनेटला हात लावून इंजिन गरम आहे का बघायचा, आणि महामार्गाच्या टोलनाक्यावर ओळखीची माणसं ठेवली होती म्हणतात. एक विशीतला पोरगा टोलच्या खिडकीत पैसे देतोय आणि आतला माणूस मनातल्या मनात ओसेरचा नंबर फिरवतोय, हे डोळ्यांपुढे आणून बघ. तू लगेच म्हणशील, बाबा, तुम्ही बोलूच नका. ठीक आहे. पण मी निदान बॉनेटला हात लावला नाही.

2001 च्या नोव्हेंबरात त्याची हृदयाची शस्त्रक्रिया झाली. तरी गडी परत आला. 2005 च्या जूनमध्ये सेदाँला हरवून त्याच्या संघानं चौथ्यांदा फ्रेंच कप उचलला आणि दुसऱ्याच दिवशी त्यानं टीव्हीवर सांगून टाकलं की बास, थांबतो. दोन वर्षांनी त्याला राहवेना. लाँस नावाच्या क्लबाकडे गेला आणि लीगचे चार सामने होताच राजीनामा देऊन मोकळा झाला. एका गावात चव्वेचाळीस वर्षं टिकणाऱ्याला दुसरीकडे चार सामन्यांपलीकडे निभलं नाही. लोकांनी त्यात त्याची फजिती पाहिली. मला वाटतं, त्याची विद्या नुसती फुटबॉलची नव्हतीच. ओसेरमधल्या प्रत्येक घराची, दुकानाची आणि बापाची त्याला खडान्‌खडा माहिती होती. ती पुंजी बरोबर नेता येत नाही.

आता तुझ्याकडे येतो. तुझा क्लब तिकडच्या 1901 च्या कायद्याखालची संस्था, म्हणजे आपलं नोंदणीकृत मंडळच. सामन्याच्या दिवशी सँडविच आणि कॉफी विकून चार पैसे जमवणारं. बाहेरगावचा सामना असला की कुणाचे आईवडील गाडी काढणार याची यादी तुलाच करावी लागेल. कुणाची शिनगार्ड घरी राहतील, कुणी रडेल, कुणाचा बाप रेषेबाहेरून तुझ्यापेक्षा मोठ्यानं सूचना देईल. मैदानावरचं काम त्या मानानं सोपं. आठ-आठ जणींचा खेळ आहे, तुला जमेल.

माझं मत असं: एका हंगामासाठी हो म्हणू नकोस. त्या गटात लागोपाठच्या दोन वर्षांच्या मुली असतात. यंदा येणारी बारकी पुढच्या वर्षीही तिथंच असणार. ती तुला ओळखायला लागली आणि तू गायब, हे बरं नाही. दोन हंगाम देता येतील का, ते आधी ऑफिसात विचार, मग क्लबला कळव. आणि त्यातली सगळ्यात चांगली खेळणारी मोठ्या क्लबात गेली तर अडवू नकोस, पण कुठं जाते ते विचारून घे.

बुटांचा खर्च क्लब करतो की घरचे, हे लिही. वापरलेले बूट धुऊन पुढच्या मुलीला देण्याची सोय तिकडे नसेल तर तूच सुरू कर. आई म्हणते, शनिवारचा फोन आता रविवारी कर, पण सकाळी. संध्याकाळी शाहू स्टेडियमवर आमचा सामना असतो.

तुझे,
बाबा