पट्टी जतन करताना अयशस्वी होणारी सुरक्षा पडताळणी आणि न वाचताच बंद होणारी तिकिटे : लेखी तक्रार

प्रति,
तक्रार निवारण अधिकारी,
ग्राहकसेवा विभाग.

विषय : पडताळणीचा दोष दुरुस्त करणे आणि तिकिटाचा फॉर्म बदलणे याबाबत.

महोदय / महोदया,

सांगली मार्केट यार्डातील १४ अडत दुकाने आपल्या ऑनलाइन हिशोब सेवेची वर्गणी भरतात. त्यांची संगणक व्यवस्था आम्ही पाहतो आणि त्यांच्याच वतीने हे पत्र लिहीत आहोत. पट्टी, म्हणजे शेतकऱ्याच्या मालाचा विक्री-हिशोब, जतन करताना ‘सुरक्षा पडताळणी अयशस्वी, पुन्हा प्रयत्न करा’ असे येऊन काम अडते, ही पहिली तक्रार. दुसरी तक्रार आम्ही जास्त गंभीर मानतो. तिकीट, म्हणजे मदतीसाठीची ऑनलाइन तक्रार, टाकताना आपला फॉर्म कामाची एकही गोष्ट विचारत नाही. आम्ही आपणहून सगळा तपशील दिला तरी ‘कॅशे (ब्राउझरने साठवलेल्या जुन्या प्रती) साफ करा, दुसरा ब्राउझर वापरा’ हेच ठरलेले उत्तर येते आणि ४८ तासांनी तिकीट आपोआप बंद होते.

सौदे आटोपले की शेतकऱ्याला पट्टी हातात हवी असते. जत, कवठेमहांकाळकडून माल घेऊन आलेला माणूस दुकानात बसलेला असतो आणि पडद्यावर ‘पुन्हा प्रयत्न करा’ एवढेच दिसते. कुठे, का, किती वेळाने, काहीच नाही.

या एका तक्रारीखाली निदान चार वेगवेगळे दोष दडतात. आपल्या पहिल्या फळीतल्या कर्मचाऱ्यांना ते वेगळे ओळखता आले, तर निम्मी तिकिटे पहिल्याच उत्तरात मिटतील.

एक दोष सर्वस्वी दुकानातला. ब्राउझर स्वतःच ‘तुमचे कनेक्शन खाजगी नाही’ म्हणतो आणि खाली प्रमाणपत्राच्या तारखेबद्दल एरर दाखवतो. जुन्या संगणकाच्या मदरबोर्डवरचा नाण्याच्या आकाराचा सीआर २०३२ सेल संपला की बंद-चालू केल्यावर तारीख मागे जाते आणि साइटचे प्रमाणपत्र त्या तारखेला वैधच नसते. या दोषाची खूण आपल्याला सर्व्हरच्या नोंदीत शोधून मिळणार नाही, कारण पानाची मागणी तिथपर्यंत पोचतच नाही. ‘टास्कबारवर तारीख कोणती दिसते?’ हा एक प्रश्न पुरतो.

दुसऱ्या प्रकारात आपली साइट उघडण्याआधीच पूर्ण पान आडवे येते. आपल्या साइटपुढे क्लाउडफ्लेअर या सुरक्षा सेवेची पडताळणी आहे, त्यामुळे त्या पानावर क्रमांक असतो आणि त्याचा अर्थ ठरलेला असतो. १०२० म्हणजे आपण लावलेल्या फायरवॉलच्या नियमाने अडवले. १०१५ म्हणजे ठराविक वेळात मर्यादेपेक्षा जास्त मागण्या आल्या. १०१० म्हणजे ब्राउझरची ठेवण संशयास्पद वाटली. १००६ म्हणजे आयपी पत्ताच (इंटरनेटवरचा जोडणीचा क्रमांक) बंदी यादीत आहे. यातला एकही क्रमांक कॅशे साफ करून जाणारा नाही. पानाच्या तळाशी रे आयडी असतो, म्हणजे त्या एका मागणीचा ओळख क्रमांक, सोळा अंक-अक्षरांचा. तो मिळाला की नेमका कोणता नियम लागला हे आपल्या डॅशबोर्डवर सुरक्षा नोंदींत पाहता येते. ग्राहकाकडून मागण्यासारखी सर्वांत मोलाची गोष्ट हीच, आणि आपल्या फॉर्ममध्ये तिच्यासाठी रकानाच नाही.

तिसऱ्या प्रकारात पान उघडते, पण पडताळणीच्या चौकटीतच सहा आकडी क्रमांक येतो. ११०२०० आला तर ज्या डोमेनवर चौकट लावली ते आपल्या यादीत घातलेले नाही, म्हणजे चूक आपली. २००१०० आला तर ग्राहकाचे घड्याळ चुकले आहे. २०००१० आला तर जुनी चौकट कॅशेतून आली आहे. कॅशे साफ करण्याचा सल्ला शोभतो तो इथे.

चौथा प्रकार आमचा. चौकटीत हिरवी खूण येते, सगळे ठीक दिसते आणि ‘जतन करा’ दाबल्यावर आपला सर्व्हर नकार देतो.

याची कारणे आम्ही तपासली आहेत. पडताळणी झाली की तिचा पुरावा म्हणून ब्राउझरला एक टोकन, म्हणजे सांकेतिक मजकूर, मिळते. ते ३०० सेकंद, म्हणजे ५ मिनिटे चालते आणि एकदाच वापरता येते. हळदीची मोठी पट्टी भरायला याहून जास्त वेळ लागतो. प्रत्येक लॉटची पोती, वजन, दर आणि शेवटी हमाली, तोलाई. मध्ये तोलाईदाराला एखादे वजन पुन्हा विचारायचे. दोन संगणकांवर प्रत्येकी तीन वेळा चाचणी केली. पान उघडल्यापासून २ मिनिटांनी जतन होते, साडेचार मिनिटांनीही होते, साडेपाच मिनिटांनी एकदाही होत नाही.

मुदत संपली की चौकट आपोआप नवे टोकन घेते, ही त्या सेवेची मूळ सोय आहे, म्हणून दोष तिच्यावर ढकलता येणार नाही. ब्राउझरच्या नेटवर्क टॅबमध्ये (पान सर्व्हरला काय पाठवते ते तिथे दिसते) पाहिल्यावर खरे कारण दिसले. ‘जतन करा’ दाबल्यावर जाणाऱ्या मागणीत पान उघडताना मिळालेलेच टोकन असते. सुरुवातीची आणि शेवटची आठ अक्षरे जुळवून पाहिली, ती तीच निघाली. म्हणजे आपले पान पहिले टोकन बाजूला जपून ठेवते आणि चौकटीने घेतलेल्या नव्या टोकनाकडे पाहतच नाही.

याच चुकीची दुसरी बाजू जास्त त्रास देते, कारण तिथे ५ मिनिटेही लागत नाहीत. एखादा लॉट क्रमांक रिकामा राहिला तर पहिल्या ‘जतन करा’ला ‘लॉट क्रमांक भरा’ असा बरोबर संदेश येतो. पण तेवढ्यात टोकन खर्ची पडलेले असते. क्रमांक भरून पुन्हा दाबले की तेच टोकन दुसऱ्यांदा जाते आणि पडताळणी अयशस्वी. दुकानदाराला वाटते आपले इंटरनेट गेले. आपल्या सर्व्हरला मात्र पडताळणी सेवेकडून ‘टाइमआउट-ऑर-डुप्लिकेट’ (मुदत संपली किंवा आधीच वापरले) असे स्पष्ट उत्तर मिळत असणार. ग्राहकाला ते दिसत नाही, आपल्याला दिसते. आपल्या नोंदीत हा शब्द शोधावा, एवढीच विनंती आम्ही दोन तिकिटांत केली होती.

दुरुस्ती मोठी नाही. टोकन ‘जतन करा’ दाबताना त्या क्षणी घ्यावे, आणि सर्व्हरने कोणत्याही कारणाने नकार दिला की चौकट रीसेट करावी. रकाने रिकामे आहेत का हे टोकन तपासण्याच्या आधी पाहावे.

यार्डातल्या १४ दुकानांची आणखी एक अडचण आहे, तिचे निदान सोपे. सगळी दुकाने एकाच लीज लाइनवर आहेत, त्यामुळे बाहेरून पत्ता एकच दिसतो. सौद्यानंतर सगळे एकदम पट्ट्या करायला बसतात आणि १०१५ येतो. मोबाइल हॉटस्पॉटवर गेल्यास सुटका होते असे नाही, कारण मोबाइल कंपन्याही अनेक ग्राहकांना एका सार्वजनिक पत्त्यामागे ठेवतात. लॉगिन झालेल्या ग्राहकाला मर्यादा लावायची तर ती खात्यावर लावा, आयपी पत्त्यावर नको.

आता तिकिटाबद्दल. आपल्या फॉर्ममध्ये नाव, ईमेल, ‘समस्या सांगा’ आणि एक फोटो एवढेच आहे. साहजिकच लोक ‘साइट चालत नाही, अर्जंट’ असे लिहितात आणि मोबाइलने काढलेला, तळाचा रे आयडी कापला गेलेला फोटो जोडतात. लोकांना माहीत नाही हे खरे, पण आपल्याला माहीत आहे, म्हणून विचारायची जबाबदारी आपली. आम्ही पाठवलेले आणि आपण बंद केलेले तिकीट असे होते :

‘विषय : पट्टी जतन करताना पडताळणी अयशस्वी, पान उघडून ५ मिनिटे झाल्यावर दर वेळी.
काय केले : लॉगिन, नवी पट्टी, १२ लॉट भरले, पान उघडल्यापासून ५ मिनिटे ३० सेकंदांनी “जतन करा”.
काय व्हायला हवे होते : पट्टी क्रमांक मिळून छपाईचे पान.
काय झाले : हिरवी खूण असताना पडद्यावरच्या लाल पट्टीत “सुरक्षा पडताळणी अयशस्वी”. सर्व्हरचे उत्तर ४०३.
वेळ : सकाळी ११:४२:१५ भारतीय वेळ, म्हणजे यूटीसी ०६:१२:१५.
रे आयडी : उत्तराच्या हेडरमधून मजकूर म्हणून कॉपी केला आहे, खाली पाहा.
सार्वजनिक आयपी : खाली दिला आहे.
ब्राउझर : क्रोम, पूर्ण आवृत्ती क्रमांकासह; विंडोज ११.
काय करून पाहिले : एक्स्टेन्शन बंद करून गुप्त विंडो, एज ब्राउझर, दुसरी लाइन. तिन्हीकडे तोच निकाल.
कुणाला : तपासलेल्या दोन्ही संगणकांवर, वेगवेगळ्या खात्यांवर.’

यातल्या वेळेच्या ओळीकडे विशेष लक्ष द्यावे. या तिकिटाला आलेल्या एकमेव वेगळ्या उत्तरात ‘११:४२ च्या सुमारास आपल्या खात्याची नोंद आढळली नाही’ असे होते. आपले लॉग, म्हणजे सर्व्हरच्या नोंदी, यूटीसीत (जागतिक प्रमाणवेळेत) असतील आणि शोध ११:४२ यूटीसीला घेतला असेल, तर ती वेळ इथली संध्याकाळी ५:१२ होते. त्या वेळी ते खाते उघडलेलेच नव्हते. साडेपाच तासांचा फरक तिकिटात लिहिलेला असूनही वाचला गेला नाही. सर्ट-इन या केंद्र सरकारच्या सायबर सुरक्षा संस्थेच्या एप्रिल २०२२ च्या निर्देशांनुसार लॉग १८० दिवस राखायचे असतात. ती नोंद अजून आपल्याकडे असली पाहिजे. ०६:१२:१५ ला शोधा.

रे आयडी फोटोत नव्हे, मजकुरातच मागावा. तो वाचून टाइप करताना ८ आणि बी, शून्य आणि डी यांची गल्लत होते, आणि एक अक्षर चुकले की शोध रिकामा येतो. आयपी मागताना ‘सार्वजनिक’ हा शब्द घालावा. नाहीतर लोक १९२.१६८ ने सुरू होणारा पत्ता पाठवतात. तो दुकानातल्या राउटरने दिलेला असतो, आपल्या नोंदीत कधीच दिसत नाही.

कॅशे आणि कुकीज साफ करायला आधी सांगणे उलटही पडते. पडताळणी पार केल्याची खूण कुकीत असते. ती पुसली की पडताळणी पुन्हा समोर येते, आणि मूळ दोषाचा पुरावाही जातो. आधी नोंद घ्या, मग साफ करायला सांगा.

एका तिकिटावर आपल्या कर्मचाऱ्याने हार फाइल (ब्राउझर आणि सर्व्हर यांच्यातल्या देवाणघेवाणीची नोंद) मागितली, तीही साध्या ईमेलवर. फाइल मागणे योग्यच होते, पद्धत धोक्याची होती. त्या फाइलमध्ये कुकीज, लॉगिनचे टोकन आणि काही वेळा टाइप केलेला पासवर्डही जातो. २०२३ मध्ये लॉगिन सेवा देणाऱ्या ओक्टा कंपनीच्या सपोर्ट यंत्रणेत घुसलेल्यांनी ग्राहकांनी जोडलेल्या अशाच फाइलींतून सेशन टोकन (चालू लॉगिनची किल्ली) उचलले होते. ग्राहकाला पुढील क्रम लिहून द्यावा : गुप्त विंडो उघडा, एफ १२ दाबून नेटवर्क टॅबमध्ये ‘प्रिझर्व्ह लॉग’वर खूण करा, नाहीतर पान बदलताच आधीच्या ओळी जातात, दोष पुन्हा घडवा, खाली जाणाऱ्या बाणाने फाइल उतरवा, मग खात्यातून लॉग-आउट करा, म्हणजे त्यातले सेशन निकामी होईल. क्रोमच्या १३० व्या आवृत्तीपासून संवेदनशील भाग वगळलेली फाइल हीच मूळ निवड आहे, तीच मागावी. फाइल घ्यायला तिकिटाच्या आतच जागा हवी, आणि तिकीट मिटल्यावर ती पुसली गेली पाहिजे. ओटीपी कधीही मागू नये. तोही एकदा मागितला गेला आहे.

आणि सर्वांत मोठी चूक : आपला मदतीचा फॉर्म त्याच पडताळणीच्या आड आहे. ज्याला १०२० आला त्याला फॉर्मही उघडत नाही. दार अडले म्हणून सांगायला जायचे, तर तेच दार उघडावे लागते. त्यामुळे ज्यांची अडचण सर्वांत मोठी, त्यांचीच तिकिटे आपल्यापर्यंत येत नाहीत आणि आपल्या आकडेवारीत ती दिसतही नाहीत. अडवणाऱ्या पानावरच एक ईमेल पत्ता आणि फोन क्रमांक द्यावा.

आमच्या मागण्या. जतन करतानाचा टोकनचा दोष दुरुस्त करावा. पडद्यावरच्या लाल पट्टीतल्या संदेशात कारणाचा क्रमांक आणि वेळ छापावी. फॉर्ममध्ये रे आयडी, वेळ, सार्वजनिक आयपी आणि केलेल्या पायऱ्या यांचे वेगळे रकाने घालावेत. वेळ आणि ब्राउझर तर पान स्वतः भरू शकते. ग्राहकाने माहिती दिलेली असताना आणि उत्तराची पाळी आपली असताना तिकीट आपोआप बंद होऊ नये. बंद केलेली तिन्ही तिकिटे पुन्हा उघडून आधीच्याच क्रमांकांवर चालवावीत.

ग्राहक संरक्षण (ई-कॉमर्स) नियम, २०२० नुसार तक्रार निवारण अधिकाऱ्याने ४८ तासांत पोच द्यायची आणि एका महिन्यात निवारण करायचे असते. पोच म्हणून ठरलेले उत्तर पाठवू नये. हे पत्र वाचलेल्या व्यक्तीने वर दिलेल्या यूटीसी वेळेला कोणती नोंद सापडली, ते पहिल्या ओळीत लिहावे. दुरुस्ती चाचणीच्या सर्व्हरवर आली की आम्हाला कळवा. दोन्ही संगणकांवर २, साडेचार आणि साडेपाच मिनिटांची तीच चाचणी, शिवाय लॉट क्रमांक रिकामा ठेवून एकदा, अशी करून त्याच दिवशी निकाल तिकिटावर लिहू.

आपले,
वर्गणीदार अडत दुकानांच्या वतीने
संगणक व्यवस्था पाहणारे,
मार्केट यार्ड, सांगली.

सोबत : तीन तिकिटांच्या प्रती, पूर्ण पडद्याची छायाचित्रे, रे आयडी आणि वेळांची यादी (मजकूर फाइल).