खांदेरीला मान मिळाला, आता उंदेरीकडेही बघा

मा. सांस्कृतिक कार्यमंत्री,
महाराष्ट्र राज्य, मुंबई

सप्रेम नमस्कार.

आम्ही अलिबागजवळच्या थळचे. जुलै २०२५ मध्ये युनेस्कोने मराठ्यांचे बारा किल्ले जागतिक वारसा यादीत घेतले. त्यात खांदेरी आहे हे कळलं, तेव्हा घरात पेढे आणले. पण आमच्या किनाऱ्यावरून आधी दिसते ती तिच्या शेजारच्या बेटावरची उंदेरी, आणि ती त्या यादीत नाही.

साहेब, ही दोन बेटं वेगळी काढताच येत नाहीत. १६७९ मध्ये मायनाक भंडारींनी महाराजांच्या हुकमाने खांदेरीवर तट बांधायला घेतला. मुंबई बंदराच्या तोंडाशी मराठ्यांचं ठाणं उभं राहतंय म्हटल्यावर इंग्रजांनी जहाजं आणून बेटाला वेढा घातला. आपल्या होड्या लहान, हलक्या. रात्री वल्ही मारत उथळ पाण्यातून निसटायच्या आणि बेटावर रसद पोचवायच्या. १८ ऑक्टोबरच्या लढाईत इंग्रजांची ‘डव्ह’ ही गुराब, म्हणजे लढाऊ जहाजच, आपल्या हाती लागली. खांदेरी काही पडेना, तेव्हा १६८० च्या जानेवारीत जंजिऱ्याच्या सिद्दी कासमने शेजारचा उंदेरीचा ओसाड खडक धरला, वर तोफा चढवल्या आणि खांदेरीवर मारा सुरू केला. संभाजी महाराजांनी उंदेरीवर माणसं उतरवली, पण ती हाती आली नाही. पुढे ऐंशी वर्षं ती मराठ्यांना मिळाली नाही. १७६० मध्ये मराठ्यांनी ती जिंकली आणि तिचं नाव जयदुर्ग ठेवलं.

शत्रूने बांधली म्हणून ती मागे पडली असेल, तर ते मला पटत नाही. खांदेरी कशासमोर टिकली, हे उंदेरीवर उभं राहिल्याशिवाय कळत नाही.

तिथे धक्का नाही. उधाण नसेल त्या दिवशी ओळखीच्या नाखवाची होडी मिळाली, तर शेवाळलेल्या खडपांवर उडी टाकून चढायचं. मागच्या खेपेला एका बुरुजावर झुडपात तोफ आडवी पडलेली दिसली. हात लावला, तर गंजाचा पापुद्रा तळहातावर सुटून आला. शेजारी तटाच्या सांध्यात झाडाचं मूळ मनगटाएवढं जाडजूड झालं होतं.

मागणं मोठं नाही. तोफांची मोजदाद करून त्या झुडपांतून बाहेर काढाव्यात, चौथऱ्यावर ठेवाव्यात. तटातली झाडं जाणकारांच्या हातून मुळासकट काढावीत. खांदेरीच्या माहितीफलकावर उंदेरीचीही हकिगत यावी. दिवाळीनंतर समुद्र शांत असतो. तेव्हा पुरातत्त्व विभागाची माणसं पाठवा. होडीची सोय आम्ही करू.

आपला,
थळचा एक रहिवासी