त्या मुलीचा चेहरा

चि. मुक्ता हिस अनेक आशीर्वाद.

ऊसतोड कुटुंबांवरील तुझ्या माहितीपटाचा कच्चा भाग काल रात्री आम्ही दोघांनी पाहिला. पहाटेच्या अंधारात उसाच्या फडात उतरलेली जोडपी आणि पाचटावर गोधडी अंथरून निजवलेले तान्हे मूल दिसले, तेव्हा तुझी आई पदर डोळ्यांना लावून आत निघून गेली.

बीड जिल्ह्यातील शिरूर कासार तालुक्यात 31 वर्षे शिक्षकी करताना, दसरा-दिवाळीनंतर कुटुंबे ऊसतोडीला निघाली की रिकामे होणारे वर्ग मी पाहिले आहेत. एकदा चौथीतली एक मुलगी धाकट्या भावाला कडेवर घेऊन दाराशी उभी होती; आत ये म्हटल्यावर म्हणाली, "गुरुजी, उद्या टोळी निघणार." मी तिच्या वडिलांना चारचौघांत खडसावले. टोळी नेणाऱ्या मुकादमाकडून घेतलेली उचल, म्हणजे आगाऊ रक्कम, नवराबायकोने मिळून फेडायची असते, खाडा झाला की पैसे कापले जातात, आणि आईचे हात मोकळे राहावेत म्हणून थोरली मुलगी सोबत न्यावी लागते, हे समजून घेण्याची तसदी मी त्या दिवशी घेतली नाही. त्याची खंत अजून आहे.

पुढे हंगामी वसतिगृहांची सोय झाली आणि आजी-आजोबांजवळ राहून काही मुलांची शाळा टिकली. परंतु वयात आलेल्या मुलीला सहा महिने मागे ठेवण्याची धास्ती आईबापांना वाटते, फडावरच्या कोपीला, त्या तात्पुरत्या झोपडीला, तर दारही नसते. शिवाय ऊसतोडीच्या हिशेबात एकटा माणूस म्हणजे अर्धा कोयता, नवराबायकोची जोडी झाली की पूर्ण कोयत्याची उचल मिळते. मुलीच्या लग्नाचे वय कायद्याने 18 असूनही तेराव्या-चौदाव्या वर्षी लग्ने उरकली जातात, त्यामागे हे सारे असते.

म्हणूनच एका प्रसंगाविषयी आग्रहाने लिहितो. चुलीपुढे बसून "पाडव्यानंतर माझं लगीन हाय" असे सांगणारी ती मुलगी 14 वर्षांची आहे. तिचा चेहरा, मागची गावाच्या नावाची पाटी आणि वडिलांच्या नावाचा उल्लेख, तिन्ही काढ. अशा मुलीची ओळख उघड करण्यास बाल न्याय अधिनियम, 2015 च्या कलम 74 नेही मनाई आहे. तिच्या वडिलांनी होकार दिला असे तू लिहितेस; पण परगावच्या फडावर, मुकादम शेजारी उभा असताना दिलेला तो होकार मला पुरेसा वाटत नाही. तिचे हात दाखव, भाकरी थापताना ती मध्येच थांबते ते दाखव. तिचे म्हणणे तेवढ्यानेही पोचेल. मात्र ते लग्न थांबावे म्हणून 1098 या चाइल्डलाइनवर आजच कळव, चित्रपट पूर्ण होण्याची वाट पाहू नकोस.

आणि संक्रांतीच्या सुमारास इकडे ये. कुलूप लावलेली घरे, नातवंडांसाठी पहाटे पाणी भरणाऱ्या म्हाताऱ्या आणि वसतिगृहातली जेवणाची पंगत तुझ्या चित्रणात अजून आलेली नाही, आणि त्यावाचून फडाची गोष्ट अर्धीच राहते. टोळ्या परतल्या की चित्रपट आधी त्यांनाच दाखवू. शाळेची मोठी खोली त्यासाठी मी मागून ठेवतो.

तुझे,
बाबा