सोंड आधी, मग हत्ती

मा. संपादक,

स. न. वि. वि.

गेल्या रविवारच्या आपल्या पुरवणीत, एकाने चित्र काढायचं आणि बाकीच्यांनी शब्द ओळखायचा, अशा मोबाइलवरच्या खेळांबद्दल लेख आला होता. लेख वाचनीय होता आणि सोबत छापलेलं हत्तीचं चित्र तर फारच सुरेख होतं. पण ‘ज्याचा हात चांगला, तोच बाजी मारणार’ असं त्यात छातीठोकपणे म्हटलं आहे, त्याला माझी हरकत आहे. माझा हात चांगला आहे. ट्रेसर म्हणून, म्हणजे यंत्रभागांची आरेखनं ट्रेसिंगच्या पारदर्शक कागदावर शाईने गिरवायला, नोकरीला लागले, आरेखक म्हणून निवृत्त झाले, मध्ये ३१ वर्षं गेली. ट्रेसिंगवरची शाईची रेघ ब्लेडने खरवडून पुन्हा ओढली, तर साहेबांनाही जोड सापडायचा नाही. असा हात घेऊन या खेळात मी पहिले दोन महिने नेमाने शेवटची येत होते.

आम्ही सात जण दर शनिवारी रात्री आपापल्या घरून खेळतो: मुलगा, सून, नातू, भाची, धाकटे दीर, जाऊबाई आणि मी. ज्याची पाळी त्याला तीन शब्द दिसतात, त्यातला एक निवडायचा आणि ८० सेकंदांत बोटाने काढून दाखवायचा. इतरांना शब्दाच्या जागी नुसत्या रिकाम्या रेघा दिसतात. जो लवकर ओळखेल त्याला जास्त पॉइंट. काढणाऱ्यालाही पॉइंट मिळतात, पण ते किती जणांनी ओळखलं त्यावर.

माझ्या वाट्याला आलेला पहिला शब्द होता ‘नळ’. मला आनंदच झाला, कारण नळ आणि व्हॉल्व्ह हा माझा अर्ध्या नोकरीचा विषय. सवयीप्रमाणे आधी मध्यरेषा आखली, समोरचं दृश्य काढलं, त्याच्या खाली वरून दिसणारं आणि बाजूला बाजूचं. बोटाने काढूनही प्रमाण चुकलं नव्हतं. उत्तरं आली ‘नकाशा’, ‘बंदूक’, ‘किल्ली’ आणि नातवाचं ‘आजी काय आहे हे’. वेळ संपली, पाटी कोरी. पुढच्या आठवड्यात तोच शब्द योगायोगाने नातवाला आला. त्याने एक वाकडी नळी काढली आणि तिच्या तोंडाखाली तीन थेंब. मीच चौथ्या सेकंदाला ओळखलं.

थेंब! ३१ वर्षांत मी किती नळ काढले असतील याची गणती नाही, पण एकातूनही पाणी पडताना दाखवलं नाही. दाखवलं असतं तर नोकरी गेली असती. कारखान्यातल्या माणसाला नळ बनवायचा असतो, म्हणून त्याला मापं लागतात. इथे समोरच्याला नळ फक्त आठवायचा असतो आणि पाणी दिसल्याशिवाय कुणाला नळ आठवत नाही.

आता थोडा हिशोब मांडते, कारण लेखात तो राहून गेला आहे. सात जण, तीन फेऱ्या, म्हणजे एकूण २१ पाळ्या. त्यातल्या माझ्या चित्र काढण्याच्या फक्त तीन. उरलेल्या १८ पाळ्या मी ओळखणारी असते. तेव्हा हात कितीही चांगला असला तरी तो २१ पैकी तीनदाच कामाला येतो. बाकी वेळ डोळा, टायपिंग आणि माणसांची ओळख, यांवर काम भागवावं लागतं. आमचे दीर तीन शब्दांत प्राणी असला की प्राणीच घेतात, हे कळल्यापासून त्यांची पहिली रेघ उमटायच्या आत मी रेघा मोजून ‘घोडा’, ‘शेळी’ टाकायला सुरुवात करते. याला ते लबाडी म्हणतात. त्यांनीच एकदा, दुसऱ्यांना पॉइंट मिळू नयेत म्हणून मुद्दाम भलतंच काढलं होतं. कुणालाच ओळखता आलं नाही, त्यामुळे त्यांच्याही पदरात भोपळाच पडला.

काढताना पहिली रेघ कुठली, यावर निम्मा निकाल लागतो. मी वर्षानुवर्षं बाह्यरेषेपासून सुरुवात करत आले. पण बाह्यरेषा काढली की हत्ती, गेंडा, म्हैस सगळे एकाच गोणीत. सोंड आधी काढली तर मागे हत्ती काढायची वेळच येत नाही. सशाचे कान, उंटाची मदार, डॉक्टरचा स्टेथोस्कोप. माणूस काढूच नये, त्याच्या गळ्यातलं काढावं.

दुसरी गोष्ट शिकायला मला जास्त वेळ लागला. काढताना खाली येणारी चुकीची उत्तरं वाचायची. सुनेला एकदा ‘वटवाघूळ’ आलं होतं. सगळे एकमुखाने ‘छत्री’ म्हणत होते आणि ती बिचारी पंखांच्या काड्या आणखी ठळक करत होती. जितक्या काड्या ठळक, तितकी छत्री पक्की. शेवटच्या दहा सेकंदांत तिने सगळं पुसलं, वर एक आडवी रेघ ओढली आणि तेच उलटं लटकवलं. तिघांनी एकदम ओळखलं. चित्र पहिल्यापेक्षा वाईटच होतं.

भाची भाषाशास्त्र शिकते. तिने सांगितलं, की सायमन गॅरड, निकोलस फे आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी असाच खेळ लोकांकडून खेळवून घेतला आणि २००७ साली त्यावर संशोधन प्रसिद्ध केलं. तेच तेच शब्द तीच माणसं पुन्हा पुन्हा काढू लागली, की चित्रं साधी होत जातात आणि शेवटी नुसत्या खुणा उरतात. पण समोरून काहीच प्रतिसाद मिळत नसेल, तर उलट चित्रं गुंतागुंतीची होत जातात. ऐकताना मला सुनेच्या काड्या आठवल्या आणि माझा नळही. आमच्या घरात हल्ली ‘राजा’ म्हणजे तीन टोकांची एक नागमोडी रेघ, बस्स. मध्यंतरी सुनेची एक मैत्रीण पाहुणी म्हणून खेळायला आली. ती खरी चित्रकार, हात माझ्याहूनही चांगला. ती आमच्या त्या रेघेकडे बघत बसली आणि आम्ही सहा जण तीन सेकंदांत उत्तर देऊन मोकळे. ती शेवटची आली. मला तिची दया आली आणि जरा बरंही वाटलं.

लेखात सगळे खेळ एकाच माळेत ओवले आहेत, तेही बरोबर नाही. रॉब एंजलने १९८५ साली बाजारात आणलेला ‘पिक्शनरी’ हा पटावरचा, जोडीने खेळायचा खेळ. त्यात आपलाच भिडू ओळखणारा, म्हणून एकाच माणसाचं मन जाणलं की काम झालं. २०१२ मध्ये ‘ड्रॉ समथिंग’ आला. तो इतका झपाट्याने पसरला, की पहिल्या ५० दिवसांतच पाच कोटी लोकांनी तो उतरवून घेतला. पण त्यात जिंकणारा-हरणारा असा नव्हताच, दोघे मिळून नाणी कमवायचे. २०१४ च्या ‘ड्रॉफुल’मध्ये तर विचित्र वाक्प्रचार काढायचे असतात आणि इतर जण त्या चित्राला खोटी नावं देऊन एकमेकांना फसवतात. तिथे फार नेटकं चित्र काढणाऱ्याने मजाच घालवली असं होईल. म्हणजे ‘बाजी मारणार’ म्हणण्याआधी कुठली बाजी, ते सांगायला हवं.

सरावाला मी गुगलचा ‘क्विक, ड्रॉ!’ वापरला. तो २०१६ चा. २० सेकंदांत काढायचं आणि यंत्र ओळखतं. ते बिचारं काहीही ओळखतं, कारण त्याने कोट्यवधी लोकांची वेडीवाकडी चित्रं पाहिलेली आहेत. त्याच्यापुढे जिंकून आमच्या दिरांपुढे जिंकता येत नाही.

आता तक्रारीकडे वळते. हा खेळ मराठीत खेळायचा तर आपले शब्द आपणच घालावे लागतात. नातवाने यादी केली आणि हौसेने माझ्यासाठी त्यात ‘स्क्रू’ टाकला. तो आला जाऊबाईंच्या पाळीला. आम्हाला रेघा दिसल्या सहा. मी ‘बिजागरी’पासून सगळं टाकून पाहिलं. सहा जागांचा शब्द म्हणजे काहीतरी लांबलचक असणार, नाही का? निघाला एका अक्षराचा. यंत्राने स, पायमोड, क, पुन्हा पायमोड, र आणि दीर्घ उकार असे सुटे मोजले होते. आपण शाळेत जोडाक्षर म्हणजे एक अक्षर शिकलो, यंत्राच्या लेखी ते सहा कप्पे. मदत म्हणून मधलं एक अक्षर उघडलं, तर ठिपक्यांच्या गोलाला लटकलेली नुसती पाय मोडायची खूण दिसली. त्यावरून कुणी काय ओळखावं?

गंमत म्हणजे याच एका शब्दाची मोजदाद तीन तऱ्हांनी होते. युनिकोड म्हणजे संगणकात प्रत्येक लिपीच्या चिन्हांना क्रमांक देणारी जगभरची पद्धत; तिच्या सुट्या चिन्हांनी सहा. युनिकोडच्याच, कुठली चिन्हं मिळून एक अक्षर धरायची ते ठरवण्याच्या जुन्या नियमाने तीन, कारण तो पायमोडीनंतर तोडायचा. २०२३ च्या १५.१ आवृत्तीत जोडाक्षर न तोडण्याचा नियम आला, त्याप्रमाणे एक. म्हणजे योग्य मोजायची सोय झालेली आहे, आम्ही खेळतो तो खेळ करणाऱ्यांपर्यंत ती पोचलेली नाही, इतकंच. मी त्यांना कळवलं, उत्तर आलं नाही.

तोवर आम्ही त्याचाही फायदा उठवतो. पाच रेघा दिसल्या की मी ‘विमान’ आणि ‘चष्मा’ दोन्ही मनात धरते, कारण कान्या-वेलांट्यांसह दोघांचे पाचच होतात. शिवाय उत्तर एका चिन्हाने चुकलं, तर ‘जवळ आहात’ असा इशारा येतो. जाऊबाईंनी एकदा चित्राकडे न बघता सवयीने ‘फूल’ लिहिलं, इशारा आला आणि त्यांनी ‘पूल’ लिहून पहिला नंबर पटकावला. मुलाने आधीच ‘पुल’ लिहिलं होतं. त्यालाही तोच इशारा आला, पण ऱ्हस्व-दीर्घ त्याला शाळेतही सुधारता आलं नव्हतं, ते तीस सेकंदांत कुठून सुधारणार!

सगळ्यात मोठं भांडण वाक्प्रचारांवरून झालं. यादीत ‘नाकी नऊ’ होतं आणि पाळी माझी. नाक काढून शेजारी नऊचा आकडा लिहिला तर दोन सेकंदांचं काम. पण अक्षरं आणि आकडे लिहायचे नाहीत, हा पिक्शनरीपासूनचा दंडक, आणि नातू त्याबाबतीत वकिलासारखा. मग मी नाक काढलं, आमच्या घरातलं सर्वांत मोठं, म्हणजे दिरांचं, आणि त्यावर मोजून नऊ माश्या बसवल्या. पहिलं उत्तर ‘सर्दी’, दुसरं ‘तीळ’, तिसरं दिरांचं, ‘वहिनी, हे माझं आहे का?’. माश्या मोजायचं कुणालाच सुचेना. तेव्हा मी एकेक माशी पुसून पुन्हा सावकाश बसवायला लागले, एक, दोन, तीन... सातव्या माशीला भाचीची ट्यूब पेटली. तिच्या मागोमाग बाकीचे. त्या रात्री मी पहिल्यांदा जिंकले, आणि ते चित्र माझ्या आयुष्यातल्या सगळ्यांत वाईट चित्रांपैकी एक आहे. भाचीने त्याचा स्क्रीनशॉट ठेवला आहे. आपल्याला पाठवणार नाही, दिरांची परवानगी नाही.

तेव्हा लेखातलं ते वाक्य दुरुस्त करावं, ही विनंती. लेखकमहोदयांनी आमच्याबरोबर एक शनिवार खेळावं, असंही सुचवलं असतं, पण आठव्या माणसाची पाळी वाढली की आमचे दीर झोपून जातात.

आणि आपल्या चित्रकारांच्या त्या हत्तीबद्दल, सुरकुत्यांची छटा तर मी भिंग लावून पाहिली. त्यांना माझ्यातर्फे एवढंच विचारावं, की काढायला बसले तेव्हा पहिली रेघ कुठली ओढली होती? पाठीची असेल, तर आमच्याकडे गेंडा झाला असता.

आपली,
एक निवृत्त आरेखक आणि नेहमीची वाचक